रायपूरहून ऑनलाइन सामन्यात उतरताना : संघ कसा जुळतो, जोडणी कुठे अडते आणि कायदा काय सांगतो

रायपूर : दूरचित्रवाणीच्या पडद्यावर ‘सामना शोधत आहे’ अशी सूचना झळकते आणि खेळाडू थांबतो. कधी दहा सेकंदांत संघ जुळतो, कधी पाच मिनिटे उलटूनही जुळत नाही, तर कधी सामना मिळूनही खेळाडू भिंतीआड पोहोचल्यावर प्रतिस्पर्ध्याची गोळी त्याला लागते. कन्सोलवरील सांघिक शूटर खेळांत रोज येणाऱ्या या अनुभवाला नशिबाचा भाग समजले जाते. प्रत्यक्षात त्यामागे चार गोष्टी असतात : खात्याचे नियम, कौशल्य मोजण्याचे गणित, सर्व्हरपर्यंतचे अंतर आणि घरातील इंटरनेट जोडणी. समुद्रकिनाऱ्यापासून आणि मोठ्या डेटा केंद्रांपासून दूर असलेल्या रायपूरसारख्या शहरात यांतील प्रत्येक गोष्टीचे वजन थोडे वेगळे पडते.

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन खेळांविषयी स्वतंत्र कायदा संमत केल्यापासून या तांत्रिक प्रश्नांत आणखी एका प्रश्नाची भर पडली आहे. घरातील मुलगा किंवा मुलगी दर महिन्याला पैसे भरून अनोळखी व्यक्तींसोबत जो खेळ खेळते, तो कायद्याच्या कोणत्या बाजूला बसतो, हे अनेक पालकांना जाणून घ्यावेसे वाटते. या सर्व बाबींचा हा आढावा.

सामना ‘शोधण्या’ची सुरुवात

संगणकावरील शूटर खेळांत पूर्वी सर्व्हरची यादी समोर येत असे आणि खेळाडू त्यातून स्वतः एक निवडत असे. कन्सोलवर हे चित्र बदलले ते मायक्रोसॉफ्टच्या ‘एक्सबॉक्स लाइव्ह’ या सेवेमुळे. ही सेवा नोव्हेंबर २००२ मध्ये अमेरिकेत सुरू झाली. त्यानंतर दोन वर्षांनी, ९ नोव्हेंबर २००४ रोजी आलेल्या ‘हेलो २’ या खेळाने यादी बाजूला सारून ‘मॅचमेकिंग’ ही पद्धत रूढ केली. खेळाडूने फक्त सामन्याचा प्रकार निवडायचा; सोबती कोण, प्रतिस्पर्धी कोण आणि मैदान कोणते, हे यंत्रणा ठरवणार. मित्रांची टोळी एकत्र ठेवून एका सामन्यातून दुसऱ्यात नेणारी ‘पार्टी’ची सोयही याच खेळाने लोकप्रिय केली. आजचे बहुतेक सांघिक शूटर खेळ याच वाटेने चालतात.

भारतात एक्सबॉक्स ३६० हे कन्सोल सप्टेंबर २००६ मध्ये अधिकृतपणे विक्रीस आले. सोनीचे प्लेस्टेशन ५ जगात नोव्हेंबर २०२० मध्ये दाखल झाले, तरी भारतीय ग्राहकांना त्यासाठी २ फेब्रुवारी २०२१ पर्यंत थांबावे लागले. भारतात मोबाइलवर खेळणाऱ्यांच्या तुलनेत कन्सोलवर खेळणारे आजही कमीच आहेत आणि या एका वस्तुस्थितीचा परिणाम सामना मिळण्याच्या वेळेवर थेट होतो.

पहिली पायरी : खाते आणि वर्गणी

ऑनलाइन सामन्यासाठी कन्सोल कंपनीचे खाते आवश्यक असते. अनेक खेळांत त्याखेरीज खेळ तयार करणाऱ्या कंपनीचे वेगळे खातेही जोडावे लागते. सामना सुरूच होत नसेल, तर बहुतेकदा अडचण याच पायरीवर असते : ईमेल पत्त्याची पडताळणी राहिलेली असते, खेळाची ताजी आवृत्ती उतरवलेली नसते किंवा मुलाच्या खात्यावर पालकांनी ऑनलाइन खेळाची परवानगी दिलेली नसते.

दुसरा प्रश्न वर्गणीचा. विकत घेतलेला खेळ ऑनलाइन खेळण्यासाठी प्लेस्टेशन, एक्सबॉक्स आणि निन्टेंडो या तिन्ही कन्सोलवर सामान्यतः वेगळी वर्गणी भरावी लागते. प्लेस्टेशनवर हा नियम २०१३ मध्ये आलेल्या प्लेस्टेशन ४ पासून लागू झाला. मात्र, जे खेळ मुळातच विनामूल्य आहेत, त्यांतील बहुतेकांना ही वर्गणी लागत नाही. एक्सबॉक्सनेही एप्रिल २०२१ पासून विनामूल्य खेळांसाठीची ही अट काढून टाकली. त्यामुळे वर्षभराची वर्गणी भरण्याआधी आपला खेळ कोणत्या प्रकारात मोडतो, हे पाहिल्यास अनावश्यक खर्च टळतो.

संघ जुळवणारे गणित

खाते तयार झाले की काम सुरू होते ते कौशल्य मोजण्याचे. या गणिताचे मूळ बुद्धिबळात आहे. अर्पाद एलो या हंगेरीत जन्मलेल्या अमेरिकी प्राध्यापकाने मांडलेली मानांकन पद्धत आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ महासंघाने १९७० मध्ये स्वीकारली. दोन खेळाडूंच्या गुणांतील फरकावरून निकालाचा अंदाज बांधायचा आणि प्रत्यक्ष निकाल वेगळा लागला, तर गुण बदलायचे, असे तिचे सूत्र आहे.

बुद्धिबळात समोरासमोर दोघेच असतात. सांघिक खेळात मात्र पाच जणांच्या विजयातील एकाचा वाटा किती, हे ठरवावे लागते. यासाठी मायक्रोसॉफ्टच्या केंब्रिज येथील संशोधकांनी ‘ट्रूस्किल’ ही पद्धत विकसित केली आणि ती एक्सबॉक्स ३६० च्या काळात वापरात आली. तिच्यात प्रत्येक खेळाडूसाठी दोन आकडे ठेवले जातात. पहिला आकडा कौशल्याचा अंदाज सांगतो आणि दुसरा त्या अंदाजाविषयी यंत्रणेला वाटणारी अनिश्चितता. नव्या खेळाडूचा अंदाज २५ धरला जातो आणि अनिश्चितता त्याच्या एक तृतीयांश, म्हणजे सुमारे ८.३. सामने वाढतात तसा दुसरा आकडा घटत जातो.

सुरुवातीच्या काही सामन्यांत कधी फारच सोपे, तर कधी फारच अवघड प्रतिस्पर्धी का मिळतात, याचे उत्तर या दुसऱ्या आकड्यात आहे. त्या टप्प्यावर यंत्रणा खेळाडूला ओळखत नसते. ती चाचपणी करत असते. पहिल्या पाच-सात पराभवांनी खचून खेळ सोडणारा नवखा खेळाडू नेमका ही चाचपणी संपण्याआधीच बाहेर पडतो.

प्रतीक्षेचे कारणही याच गणितात दडलेले आहे. यंत्रणेला एकाच वेळी तीन गोष्टी साधायच्या असतात : तुल्यबळ संघ, जवळचा सर्व्हर आणि कमी प्रतीक्षा. खेळाडू भरपूर असतील, तर तिन्ही साधतात. पहाटे तीन वाजता किंवा फारसा लोकप्रिय नसलेल्या प्रकारात खेळाडू कमी पडतात आणि यंत्रणा एकेक अट सैल करत जाते. मग रायपूरच्या खेळाडूला सिंगापूरच्या सर्व्हरवर पाठवले जाते किंवा त्याच्याहून बऱ्याच अनुभवी संघासमोर उभे केले जाते. ज्या खेळांत भूमिका ठरलेल्या असतात, त्यांत आणखी एक अडथळा येतो. ‘ओव्हरवॉच’मध्ये संरक्षण, आक्रमण आणि साहाय्य अशा तीन भूमिका आहेत. बहुतेकांना आक्रमण करायचे असल्याने त्या रांगेत वेळ लागतो. साहाय्यकाची किंवा संरक्षकाची भूमिका स्वीकारणाऱ्याला सामना सहसा लवकर मिळतो.

खेळाडूंची संख्या या व्यवसायात किती निर्णायक असते, हे सोनीच्या ‘कॉन्कॉर्ड’ने दाखवून दिले. हा सांघिक शूटर खेळ २३ ऑगस्ट २०२४ रोजी आला. पुरेसे खेळाडू न जमल्याने ६ सप्टेंबरला तो बंद करून ग्राहकांचे पैसे परत करण्यात आले. सर्व्हर बंद झाला की ऑनलाइन खेळ संपतो, हा धडा जुना आहे. ‘हेलो २’च्या मूळ आवृत्तीचे एक्सबॉक्स लाइव्हवरील सामनेही एप्रिल २०१० मध्ये थांबले होते. म्हणूनच जुनी डिस्क स्वस्तात मिळत असली, तरी त्या खेळाचे ऑनलाइन सामने अद्याप सुरू आहेत का, हे आधी विचारणे शहाणपणाचे ठरते.

खेळाडूंची ही उणीव भरून काढण्याचा एक मार्ग म्हणजे ‘क्रॉसप्ले’, अर्थात वेगवेगळ्या कन्सोलवरील आणि संगणकावरील खेळाडूंना एकत्र आणणे. सोनीने सप्टेंबर २०१८ मध्ये ‘फोर्टनाइट’साठी हे दार उघडले आणि पुढे अनेक खेळांत ही सोय आली. माउस वापरणाऱ्यांशी सामना नको, म्हणून काही जण ती बंद ठेवतात. मात्र, कन्सोलवरील खेळाडू कमी असलेल्या भारतात ती बंद केल्यास प्रतीक्षा वाढण्याची शक्यता अधिक असते.

अंतराचा हिशेब

नागपूरकर भोसल्यांच्या राजवटीपासून मराठी कुटुंबांची वस्ती असलेले रायपूर मुंबई-नागपूर-हावडा या लोहमार्गावर आहे. मुंबईपासून ते सरळ रेषेत सुमारे ९५० किलोमीटर, तर लोहमार्गाने ११०० किलोमीटरहून अधिक दूर आहे. ऑप्टिकल फायबरमधून प्रकाश सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर, म्हणजे एका मिलिसेकंदात २०० किलोमीटर जातो. त्यामुळे रायपूरहून मुंबईला जाऊन परत येण्यास, सरळ तार टाकली असती तरी, संदेशाला सुमारे दहा मिलिसेकंद लागले असते. प्रत्यक्षातील तारा रस्ते आणि लोहमार्गांच्या कडेने वळणे घेत जातात, वाटेत अनेक ठिकाणी संदेशाची दिशा ठरवली जाते आणि हा आकडा काही पटींनी वाढतो. जाण्यायेण्याच्या या एकूण वेळेलाच खेळाडू ‘पिंग’ म्हणतात.

सिंगापूर रायपूरपासून सुमारे ३३०० किलोमीटर दूर आहे. तेथील सर्व्हरसाठी किमान ३३ मिलिसेकंद ही निसर्गाने घातलेली मर्यादाच आहे. कोणतीही इंटरनेट योजना ती ओलांडू शकत नाही. सेकंदाला ६० वेळा स्थिती बदलणाऱ्या सर्व्हरवर दोन बदलांमध्ये जेमतेम १७ मिलिसेकंदांचे अंतर असते. त्यामुळे पिंग ५०च्या आत असेल तर खेळ सहज वाटतो आणि १००च्या वर गेला की उशीर जाणवू लागतो, असा सर्वसाधारण अनुभव आहे.

भिंतीआड पोहोचल्यावरही गोळी लागण्याचे कोडे येथे सुटते. प्रत्येक खेळाडूला पडद्यावर दिसते ते किंचित जुने चित्र असते. गोळी झाडणाऱ्यावर अन्याय होऊ नये, म्हणून सर्व्हर त्याच्या पडद्यावर त्या क्षणी काय दिसत होते, हे मागे जाऊन तपासतो. त्याच्या दृष्टीने प्रतिस्पर्धी अजून उघड्यावर असेल, तर गोळी ग्राह्य धरली जाते. ज्याला गोळी लागली, तो मात्र स्वतःच्या पडद्यावर तोपर्यंत आडोशाला पोहोचलेला असतो. अनेकदा ही फसवणूक नसून दोन पडद्यांमधील वेळेचा फरक असतो.

समुद्राखालील केबल तुटल्यास दूरच्या सर्व्हरवरील खेळ आणखी मंदावतो. सप्टेंबर २०२५ मध्ये तांबड्या समुद्रातील केबल तुटल्याने आशिया आणि युरोप यांमधील वाहतूक वळवावी लागली आणि विलंब वाढला. हेच गणित नातेवाइकांच्या संघालाही लागू पडते. रायपूर, नागपूर आणि पुणे येथील भावंडांनी एकत्र संघ केला, तर सर्वांना देशातील सर्व्हर पुरतो. त्यात अमेरिकेतील मावसभाऊ सामील झाला, तर सर्व्हर कुठलाही निवडला, तरी कोणाला ना कोणाला उशीर सोसावाच लागतो. अशा वेळी चुरशीच्या मानांकन सामन्यांऐवजी साधे सामने खेळणे सर्वांच्याच हिताचे ठरते.

घरातील अडथळे

पिंग वाढला की अधिक वेगाची योजना घेण्याकडे कल असतो. मात्र, खेळ उतरवून घेताना १०० जीबीहून अधिक डेटा लागू शकत असला, तरी प्रत्यक्ष सामन्यात फारच थोडा डेटा ये-जा करतो. वेग तिप्पट केल्याने डाउनलोड लवकर होईल. पिंग तेवढाच राहील. त्यापेक्षा कन्सोल आणि राउटर केबलने जोडल्याचा फायदा अधिक दिसतो. वाय-फायवर शेजाऱ्यांचे राउटर, जाड भिंती आणि घरातील इतर उपकरणे यांमुळे संदेश मध्येच गळतात किंवा अनियमित वेळाने पोहोचतात. ३० ते १२० यांदरम्यान उड्या मारणाऱ्या पिंगपेक्षा स्थिर ६० चा पिंग खेळण्यास सोपा असतो.

सामना मिळतो, पण मित्राच्या पार्टीत जाता येत नाही किंवा त्याचा आवाज ऐकू येत नाही, ही तक्रार बहुधा ‘नॅट’शी संबंधित असते. घरातील अनेक उपकरणे इंटरनेटवर एकाच पत्त्याने वावरतात आणि आलेला संदेश कोणाचा, हे राउटर ठरवतो. या व्यवस्थेला नॅट म्हणतात. कन्सोलच्या नेटवर्क सेटिंगमध्ये तिचा प्रकार खुला, मध्यम किंवा कडक असा दिसतो. प्लेस्टेशनवर त्यासाठी १, २, ३ असे क्रमांक असतात. दोन्ही बाजूंना कडक प्रकार असेल, तर परस्पर जोडणी होत नाही. राउटरमधील ‘यूपीएनपी’ सुरू करून राउटर आणि कन्सोल पुन्हा चालू केल्यास अनेकदा प्रश्न सुटतो.

त्यानेही सुटला नाही, तर दोष घराबाहेर असू शकतो. जुन्या पद्धतीचे इंटरनेट पत्ते आशिया-प्रशांत विभागात एप्रिल २०११ पासूनच टंचाईत आहेत. त्यामुळे अनेक सेवा कंपन्या शेकडो ग्राहकांना एकाच सार्वजनिक पत्त्यामागे ठेवतात. राउटरच्या माहिती पानावर बाहेरील पत्ता १००.६४ ते १००.१२७ या आकड्यांनी सुरू होत असेल, तर ग्राहक अशा सामायिक व्यवस्थेत आहे, असे समजावे. तेथे राउटरमध्ये कितीही बदल केले, तरी उपयोग होत नाही. कंपनीकडे स्वतंत्र सार्वजनिक पत्ता किंवा नव्या पद्धतीचा, म्हणजे आयपीव्ही ६ पत्ता मागणे, हाच उपाय उरतो.

कायद्याची रेषा

छत्तीसगडमध्ये ‘ऑनलाइन गेम’ हा शब्द उच्चारताच अनेकांना महादेव सट्टेबाजी ॲपचे प्रकरण आठवते. भिलाई आणि रायपूर येथे धागेदोरे असलेल्या या प्रकरणाच्या तपासादरम्यान, ५ नोव्हेंबर २०२३ रोजी केंद्र सरकारने महादेव बुकसह २२ बेकायदा ॲप आणि संकेतस्थळांवर बंदी घातली. राज्याच्या २०२२ च्या जुगार प्रतिषेध अधिनियमातही ऑनलाइन जुगाराचा समावेश करण्यात आला. त्यामुळे कन्सोलवरील खेळही त्याच पंक्तीत बसतात का, असा संभ्रम निर्माण होतो.

ऑनलाइन गेमिंग प्रोत्साहन आणि नियमन अधिनियमाला २२ ऑगस्ट २०२५ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळाली. त्यात खेळांचे तीन प्रकार केले आहेत : ई-स्पोर्ट, ऑनलाइन सामाजिक खेळ आणि पैशांचे ऑनलाइन खेळ. जिंकल्यावर पैसे मिळतील, या अपेक्षेने पैसे किंवा अन्य मोल पणाला लावले जाते, तो तिसरा प्रकार. तो कौशल्याचा असो वा नशिबाचा, त्यावर बंदी आहे. असे खेळ चालवणाऱ्यांना तीन वर्षांपर्यंत कारावास आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंडाची, तर जाहिरात करणाऱ्यांना दोन वर्षांपर्यंत कारावास आणि ५० लाख रुपयांपर्यंत दंडाची तरतूद आहे. सामाजिक खेळासाठी वर्गणी किंवा एकदाच भरायचे प्रवेश शुल्क घेता येते. अट एवढीच की ती रक्कम पैजेच्या स्वरूपाची नसावी.

साधा सांघिक शूटर सामना आणि त्यासाठीची कन्सोल वर्गणी या रेषेच्या सुरक्षित बाजूला राहते. धोका आहे तो खेळाच्या अवतीभवती. प्रवेशासाठी पैसे घेऊन विजेत्यांत ते वाटणाऱ्या खासगी ‘रूम’, खेळातील पोशाख आणि शस्त्रे पणाला लावणारी संकेतस्थळे, उच्च मानांकनाची खाती विकणारे दलाल आणि स्वस्तात खेळातील चलन देण्याचे आमिष दाखवणारे संदेश यांपासून दूर राहणे हिताचे आहे. खेळातील आकस्मिक बक्षिसांच्या पेट्यांबाबत देशोदेशी वाद आहे; बेल्जियमने २०१८ मध्ये पैसे देऊन घेण्याच्या अशा काही पेट्यांना जुगार ठरवले. आर्थिक फसवणूक झाल्यास १९३० या राष्ट्रीय सायबर मदत क्रमांकावर तत्काळ तक्रार केल्यास रक्कम अडवण्याची शक्यता वाढते.

पालक आणि अर्ध्यावर सोडलेला सामना

वयाचा प्रश्न खेळानुसार बदलतो. युरोपातील ‘पेगी’ मानांकनानुसार ‘स्प्लाटून’ सात वर्षांवरील, ‘ओव्हरवॉच’ बारा वर्षांवरील, तर ‘कॉल ऑफ ड्यूटी’ मालिकेतील प्रमुख खेळ अठरा वर्षांवरील व्यक्तींसाठी आहेत. तिन्ही शूटर असले, तरी त्यांना एकाच तराजूत तोलता येत नाही. हे मानांकन खेळातील दृश्यांविषयी असते. हेडसेटवरून अनोळखी खेळाडू काय बोलतील, याची हमी ते देत नाही. त्यासाठी कन्सोलमधील मुलांच्या खात्यात आवाज आणि संदेश केवळ ओळखीच्या मित्रांपुरते मर्यादित ठेवता येतात. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात अठरा वर्षांखालील व्यक्तीला बालक मानले असून, तिचा डेटा वापरण्यासाठी पालकांची पडताळणीयोग्य संमती अपेक्षित आहे. मुलाच्या खात्यात खोटी जन्मतारीख टाकल्यास हे सर्व संरक्षण आपोआप गळून पडते.

घरोघरी होणाऱ्या वादाचे मूळ मात्र वेगळेच असते. ऑनलाइन सामना मध्येच थांबवता येत नाही. जेवणासाठी हाक येते तेव्हा सामना संपायला सात मिनिटे असतात. कन्सोल बंद केले तर उरलेले चार सोबती अपुऱ्या संघानिशी हरतात आणि सोडून जाणाऱ्याचे मानांकन घटते. वारंवार असे घडल्यास काही काळ सामन्यात प्रवेशच नाकारला जातो. मुलाची अडवणूक हा केवळ हट्ट असतोच, असे नाही. त्यामुळे ‘एक तास’ या मर्यादेपेक्षा ‘दोन सामने’ ही मर्यादा अधिक व्यवहार्य ठरते. सामना साधारण किती मिनिटांचा असतो, हे पालकांनी एकदा विचारून घ्यावे आणि जेवणाच्या वेळेआधी तेवढा अवधी उरला नसेल, तर नवा सामना सुरू करू नये, असे मुलाशी ठरवावे.

खेळण्यावरील ताबा सुटणे ही वेगळी बाब आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या आजार वर्गीकरणात ‘गेमिंग डिसऑर्डर’चा समावेश आहे. खेळावर नियंत्रण न राहणे, इतर कामांपेक्षा खेळाला प्राधान्य देणे आणि नुकसान दिसूनही खेळत राहणे, असे वर्तन साधारण बारा महिने टिकले आणि त्यामुळे शिक्षण, कुटुंब वा काम यांत गंभीर अडथळा आला, तरच हे निदान केले जाते. अशी शंका असल्यास केंद्र सरकारच्या ‘टेली मानस’ सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य सल्ला मिळतो.

नवा रायपूर येथे मे २०२५ मध्ये डेटा सेंटर पार्कची पायाभरणी झाली आहे. तो कृत्रिम बुद्धिमत्तेच्या कामांसाठी असल्याने त्यामुळे शूटर खेळांचे सर्व्हर शहरात येतीलच, असे नाही. तूर्त रायपूरच्या खेळाडूच्या हाती असलेले उपाय साधे आहेत : कन्सोल केबलने जोडणे, नॅटचा प्रकार तपासणे, गर्दीच्या वेळी खेळणे, ज्या भूमिकेची वानवा आहे ती स्वीकारणे आणि पूर्ण करता येईल तोच सामना सुरू करणे.